चेंडू कुठं पडला?

‘माझ्यावर परिणाम करणारे गुरू’ अशा विषयावर बोलायला कवीला बोलावले की तो ज्ञानेश्वर-तुकारामांपासून सुरुवात करतो. ते माझेही गुरू आहेत. पण आज मला ज्यांच्याविषयी बोलायचे आहे, त्यांचे चेहरे मी लहानपणी कधी पाहिलेच नव्हते. मी त्यांचे फक्त आवाज ऐकले होते. ते होते रेडिओवरचे समालोचक.

आमच्या घरात आजोबांना ‘दादा’ म्हणत. दादा शिंपी होते. काचबिंदूने त्यांची दृष्टी गेली तेव्हा मी तिसरीत होतो. मशीन बंद झाले, पण दादांचे रोजचे उठणे-बसणे त्या मशीनशेजारीच राहिले. झाकलेल्या मशीनवर रेडिओ ठेवलेला असे. हवा चांगली असली की सांगली केंद्र स्वच्छ लागायचे, पुणे-मुंबई खरखरत यायचे. क्रिकेटचा कसोटी सामना असला की दादा सकाळीच आंघोळ करून तयार बसत. रेडिओत खरखर सुरू झाली की माझे काम सुरू. मी कान लावून ऐकायचे आणि त्यांना आमच्या दख्खनी बोलीत सांगायचे.

“चौका गया, दादा!” मी ओरडायचो.

दादा शांतपणे विचारायचे, “वो ठीक है. गेंद पडी कां थी?”

चेंडू कुठं पडला? हा प्रश्न त्यांनी मला शेकडो वेळा विचारला असेल. चार धावा झाल्या हे त्यांना रेडिओतल्या गर्दीच्या आरोळीवरूनच कळायचे. त्यांना हवे होते ते चित्र. चेंडू आखूड पडला की पुढे पडला, फलंदाज मागे गेला की पुढे आला, क्षेत्ररक्षक किती धावला. ते सांगणारा समालोचक दादांना आवडे. नुसता “वा, काय फटका!” म्हणून थांबणारा त्यांना चालत नसे. “इसकू दिखता है, तो ये बताता कायकू नहीं?” असे ते वैतागून म्हणत.

पुढे खेळांच्या समालोचनाचा इतिहास वाचू लागलो तेव्हा दादांच्या त्या प्रश्नाचे मोल मला कळले. जानेवारी १९२७ मध्ये इंग्लंड विरुद्ध वेल्स या रग्बीच्या सामन्याचे धावते वर्णन बीबीसीने प्रथमच प्रसारित केले. वर्णन करणारे होते कॅप्टन वेकलम. अशा कामाचा अनुभव कोणालाच नव्हता. तेव्हा निर्मात्याने एक युक्ती केली. युद्धात दृष्टी गमावलेल्यांसाठी लंडनमध्ये सेंट डन्स्टन्स नावाची संस्था होती. तिथल्या एका अंध गृहस्थांना त्याने वेकलम यांच्याजवळ आणून बसवले. सांगितले एवढेच, की यांना सामना दाखवा. त्याच वर्षी विम्बल्डनच्या टेनिसचे वर्णनही याच वेकलम यांनी केले. म्हणजे हा धंदा सुरू झाला तोच एका न दिसणाऱ्या माणसासाठी. आमच्या दादांना हे ठाऊक असण्याचे कारण नव्हते. पण समालोचकाकडून काय मागायचे हे त्यांना नेमके ठाऊक होते.

आपल्याकडे ही कला आली ती मुंबईत, आणि आली ती इंग्रजीत. १९३४ साली मुंबईच्या एस्प्लनेड मैदानावरच्या चौरंगी स्पर्धेत पारशी विरुद्ध मुस्लिम असा सामना होता. त्याचे वर्णन ए. एफ. एस. तल्यारखान यांनी केले. लोक त्यांना ‘बॉबी’ म्हणत. ‘ऑल इंडिया रेडिओ’ हे नाव पडायला तेव्हा अजून दोन वर्षे होती. तल्यारखान वृत्तपत्रांत लिहीत आणि मायक्रोफोनवर बोलत. दोन्ही गोष्टी त्यांनी आयुष्यभर केल्या. दिवसभराचा खेळ ते एकट्याने सांगत. जेवणाची आणि चहाची सुट्टी सोडली तर आवाज थांबत नसे. शेजारी दुसरा समालोचक बसणे त्यांना मान्य नव्हते. १९४८-४९ मध्ये वेस्ट इंडिजचा संघ भारतात आला तेव्हा आकाशवाणीने एका सामन्याला अनेक समालोचक अशी पद्धत आणली. तल्यारखान यांनी माइक सोडला, पण तो वाटून घेतला नाही. सत्तरच्या दशकात ते पुन्हा रेडिओवर आले. १९९० साली ते गेले.

ज्या स्पर्धेतून त्यांचा आवाज घराघरांत गेला, ती स्पर्धा कशी होती हेही सांगायला हवे. हिंदू, मुस्लिम, पारशी, युरोपियन असे धर्मावर आणि जमातीवर संघ. १९३७ पासून त्यात ‘इतर’ नावाचा पाचवा संघ आला आणि चौरंगी स्पर्धा पंचरंगी झाली. खेळ मोठा झाला, यात शंका नाही. १९४३ च्या हंगामात हिंदूंविरुद्धच्या अंतिम सामन्यात आपल्या सांगलीच्या विजय हजारे यांनी ३०९ धावा केल्या. ते ख्रिस्ती, म्हणून ‘इतर’ संघात. संघाच्या एकूण धावा ३८७. भाऊ विवेक यांनी दुसऱ्या बाजूने नुसते उभे राहून साथ दिली. दोघांच्या ३०० धावांच्या भागीदारीत विवेक यांच्या धावा होत्या २१.

पण धावफलकावर माणसाच्या आधी त्याची जमात लिहिलेली होती. महात्मा गांधींनी १९४० मध्ये या पद्धतीविरुद्ध स्पष्ट मत दिले. ‘बॉम्बे क्रॉनिकल’चे संपादक सय्यद अब्दुल्ला ब्रेलवी आणि त्यांचे क्रीडा संपादक जे. सी. मैत्र यांनी लेखणी झिजवली. १९४६ च्या आरंभी ही स्पर्धा शेवटची झाली. त्यानंतर खेळाडू ओळखला जाऊ लागला तो गावाने आणि प्रांताने. हजारे सांगलीचे झाले. भाऊसाहेब निंबाळकर कोल्हापूरचे झाले.

भाऊसाहेबांचे नाव निघाले आहे तर थोडे थांबतो. डिसेंबर १९४८. पुण्याच्या पूना क्लब मैदानावर रणजी करंडकाचा महाराष्ट्र विरुद्ध काठियावाड हा सामना. भाऊसाहेब ४४३ धावांवर नाबाद. महाराष्ट्राच्या चार बाद ८२६. ब्रॅडमनच्या ४५२ या विश्वविक्रमाला नऊ धावा कमी. आणि खेळाच्या सुट्टीत काठियावाडच्या कर्णधाराने सामना सोडून दिला. भाऊसाहेब शेवटपर्यंत अधिकृत कसोटी सामना खेळले नाहीत. २०१२ च्या डिसेंबरात, वयाची त्र्याण्णव वर्षे पूर्ण व्हायला एकच दिवस उरला असताना, ते कोल्हापुरातच गेले.

त्या डावाचे आज आपल्याजवळ काय आहे? आकडे. पुण्यात तेव्हा आकाशवाणीचे केंद्रही नव्हते. ते १९५३ साली झाले. चारशे त्रेचाळीसपैकी एक चेंडू कुठे पडला आणि भाऊसाहेबांनी तो कसा मारला, हे माझ्या कानाला कधीच कळणार नाही. सांगणारा नसला की एवढा मोठा डावसुद्धा पुस्तकातली एक ओळ होऊन राहतो.

हे सांगण्याचे काम मराठीत ज्यांनी केले, त्यातली दोन नावे मला आदराने घ्यायची आहेत. पहिले पुण्याचे बाळ ज. पंडित. ते महाराष्ट्राकडून रणजी खेळलेले. त्यामुळे खेळपट्टीवर उभे राहिलेल्या माणसाच्या पोटात काय होते हे त्यांना बाहेरून शिकायचे नव्हते. त्यांनी क्रिकेटवर मराठीत पुस्तकेही पुष्कळ लिहिली. २०१५ मध्ये वयाच्या शहाऐंशीव्या वर्षी ते गेले.

दुसरे नाशिकचे वि. वि. करमरकर. १९६२ साली ‘महाराष्ट्र टाइम्स’ सुरू झाला आणि करमरकर त्यात खेळाचे पान सांभाळू लागले. ‘पान’ हा शब्द मी मुद्दाम वापरतो. मराठी दैनिकात खेळाची बातमी तेव्हा कोपऱ्यात बसत असे, बाजारभावाच्या शेजारी. करमरकरांनी तिला रोजचे स्वतःचे पान मिळवून दिले. आणि ते पान क्रिकेटच्या एकट्याच्या नावावर करून दिले नाही. कबड्डी, खो-खो, कुस्ती, मल्लखांब यांनाही त्यात जागा होती. कुठल्या तरी तालुक्याच्या गावी झालेल्या स्पर्धेत चमकलेल्या मुलीचे नाव मुंबईच्या दैनिकात छापून येई. ते कात्रण तिच्या घरी कसे जपले गेले असेल, याची कल्पना करा. खेळाच्या संघटनांत चालणाऱ्या राजकारणावरही ते लिहीत आणि पदाधिकाऱ्यांची भीड ठेवत नसत.

हेच करमरकर आकाशवाणीवरून क्रिकेटचे मराठी समालोचन करत. ६ मार्च २०२३ रोजी मुंबईत वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षी ते गेले तेव्हा मराठी क्रीडा पत्रकारितेचे जनक म्हणून सगळ्यांनी त्यांना आदरांजली वाहिली. ते योग्यच होते. मला वाटते, त्यांचे लिहिणे आणि त्यांचे बोलणे ही दोन कामे नव्हतीच. ज्याला मैदानापर्यंत जाता येत नाही, त्याला मैदान घरी नेऊन देणे, हे एकच काम त्यांनी दोन हातांनी केले.

आता थोडे शब्दांविषयी. शब्द हा माझा धंदा आहे, म्हणून हे बोलण्याचा मला अधिकार आहे असे समजतो.

क्रिकेट मराठीत सांगायचे तर त्याला मराठी शब्द हवेत. ते कुठून आले बघा. ‘गोलंदाज’. हा शब्द तोफखान्यातला. ‘अंदाज’ म्हणजे फारसीत फेकणारा. तीरंदाज तीर सोडतो, गोलंदाज तोफेचा गोळा. पानिपतावर मराठ्यांच्या तोफखान्याचा प्रमुख इब्राहिमखान गारदी होता. त्याच्या हाताखालचे लोक गोलंदाजच. त्या शब्दाने पुढे शांतपणे पांढरे कपडे घातले आणि तो वानखेडेवर चेंडू टाकू लागला. त्याच्या जोडीला ‘फलंदाज’ तयार झाला. मराठीतली फळी आणि फारसीतला अंदाज यांचे ते लग्न, आणि संसार उत्तम चालला आहे.

मग ‘पायचीत’, ‘त्रिफळाचीत’, ‘यष्टिचीत’. हा ‘चीत’ कुठला? आपल्या आखाड्यातला! प्रतिस्पर्ध्याची पाठ मातीला लागली की तो चीत. इंग्रजांचा खेळ मराठी माणसाने ऐकला आणि बाद झालेल्या फलंदाजाला त्याने सरळ हौद्यातल्या पैलवानासारखे उताणे पाडले. ‘डाव’ही कुस्तीत आहे आणि क्रिकेटमध्येही. ‘निर्धाव षटक’ म्हणताना संस्कृतातला ‘निर्’ आणि अस्सल मराठी ‘धाव’ हातात हात घालून येतात. ‘नाबाद’ फारसी-अरबी वळणाचा, आणि ‘झेल’ आपल्या अंगणातला.

कोल्हापूरकराला यात नवल वाटू नये. कुस्ती, पैलवान, मैदान हे शब्द फारसीतून आले. वस्ताद म्हणजे उस्ताद. ‘तालीम’ अरबीतून आली आणि तिचा मूळ अर्थ शिक्षण. शाहू महाराजांनी १९१२ साली बांधून पूर्ण केलेल्या खासबाग मैदानात माती मळली जाते तेव्हा हे शब्दही त्यात तेल-ताकासारखे मळले जातात. कुठला शब्द कुणाच्या घरचा, हे तिथे कुणी विचारत नाही. माझ्या मराठीविषयी मात्र मला अनेकदा विचारले गेले. “तुम्ही मराठी इतके चांगले कसे बोलता?” विचारणाऱ्याच्या मनात कौतुकच असते, हे मी जाणतो. पूर्वी मी नुसता हसायचो. आता सांगतो, की रेडिओवरून शिकलो. घरात दख्खनी, शाळेत पुस्तकी मराठी, आणि या दोहोंच्या मध्ये ती धावती, जिवंत, श्वास लागलेली समालोचकाची मराठी. समोर घडते आहे ते घडतानाच शब्दांत पकडायचे, वाक्य अर्धे असताना चेंडू सीमापार गेला तर तेच वाक्य वळवायचे आणि तरी व्याकरण मोडू द्यायचे नाही. कवितेच्या कुठल्या शिबिरात हे शिकवत नाहीत.

एक आठवण सांगतो. डिसेंबर १९७९. पाकिस्तानचा संघ मुंबईत वानखेडेवर खेळत होता. कर्णधार आसिफ इक्बाल. ते मूळचे आपल्या दख्खनच्या हैदराबादचे, भारताचे कर्णधार राहिलेल्या गुलाम अहमद यांचे भाचे. दादांना या नात्याचे फार अप्रूप होते. रेडिओभोवती गल्लीतली पाच-सात माणसे जमली होती, सगळ्या जातींची. त्यातल्या एका तरुणाने हसत विचारले, “काय दादा, आज कुणाच्या बाजूनं?”

प्रश्न चेष्टेचा होता. पण खोलीत क्षणभर जरा जडपणा आला. मी लहान होतो, तरी मला तो जाणवला. माझे वडील खाली बघू लागले.

दादा रेडिओकडे कान करून बसले होते. ते मराठीत म्हणाले, “जो नीट सांगतोय त्याच्या बाजूनं. गप बस, ऐकू दे.”

सगळे हसले आणि जडपणा गेला. भारताने तो सामना १३१ धावांनी जिंकला. पाकिस्तानविरुद्ध १९५२ नंतरचा तो भारताचा पहिला कसोटी विजय. गल्लीत फटाके वाजले. दादांनी मला पैसे देऊन पेढे आणायला पाठवले, तेही मला आठवते.

त्या उत्तराचा मी पुढे पुष्कळ विचार केला. दादांनी प्रश्न टाळला असे कुणी म्हणेल. मला तसे वाटत नाही. त्या दिवशी रेडिओतला आवाज पाकिस्तानी गोलंदाजाचा चांगला चेंडूही चांगलाच म्हणून सांगत होता. आपल्या फलंदाजाचा चुकलेला फटका चुकला म्हणून सांगत होता. त्याला भारत जिंकायला हवा होता, हे त्याच्या आवाजावरून कळत होतेच. तरी चेंडू जिथे पडला तिथेच तो पडल्याचे सांगत होता. अंध माणसाला याहून दुसरे काय हवे? त्याला खोटे सांगितले तर तो पडताळून कुठे बघणार आहे? त्याचा सगळा भरवसा सांगणाऱ्यावर. दादा त्या भरवशाच्या बाजूने होते.

आज मराठी समालोचन संपले आहे असे म्हणता येणार नाही. २०२३ च्या आयपीएलमध्ये मोबाइलवर मराठीचा पर्याय होता. आपला केदार जाधव त्यात समालोचन करत होता. स्पर्धा चालू असतानाच बंगळुरूच्या संघाने त्याला खेळायला बोलावले आणि तो माइक ठेवून मैदानात उतरला! मराठी समालोचकाच्या आयुष्यात असा दिवस यावा याचा मला आनंद झाला. कुस्तीच्या मैदानांत ध्वनिक्षेपकावर होणारे निवेदनही जोरात आहे. आमच्याकडच्या जत्रांत लोक चांगल्या निवेदकासाठी थांबून राहतात.

पण पडद्यावरचे समालोचन आणि रेडिओवरचे समालोचन यांत एक फरक आहे. पडद्यावर चेंडू दिसतो, म्हणून तो कुठे पडला हे कुणी सांगत नाही. सांगायची गरजच नाही. मग उरलेल्या वेळात गप्पा, विनोद, जाहिराती. यात समालोचकाचा दोष नाही. त्याच्यासमोर अंध माणूस बसवलेला नाही, एवढेच. पण त्यामुळे जे समोर आहे ते नेमके, भरभर आणि खरे सांगण्याचा मराठीचा रोजचा व्यायाम कमी झाला. तालमीत गेले नाही तर पैलवानाचे अंग सुटते. भाषेचेही तसेच होते. आज वाहिन्यांवर एखादी घटना घडत असताना वार्ताहर ‘तुम्ही बघू शकता’ असे पुन्हा पुन्हा म्हणतो, तेव्हा मला दादांची आठवण येते. तुम्ही बघू शकता, हे खरे. पण जो बघू शकत नाही त्याचे काय?

आता माझ्या आईची नजर गेली आहे. काचबिंदू आमच्या घराण्यातच आहे. क्रिकेटचे तिला वेड नाही, पण घरात सामना चालू असला की तिला सगळ्यांत बसायचे असते. टीव्हीतून आरडाओरडा ऐकू आला की ती विचारते, “क्या हुआ रे?” माझा मुलगा मोबाइलवरून नजर न काढता सांगतो, “सिक्स गया, दादी.”

आई गप्प बसते. मग मी माझी खुर्ची तिच्याजवळ ओढतो, आणि चेंडू कुठं पडला तिथपासून सुरुवात करतो.

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)